'गिन्योल' म्हणजे कळसूत्री बाहुली?

अनुवादिनी: दिवाळी अंकासाठी एका फ्रेंच लेखाचा अनुवाद करतेय. विषय 'ले गिन्योल द लँफो'. 'गिन्योल' हा फ्रेंचांचा बाहुला. 'कनाल प्ल्युस' या फ्रेंच वाहिनीवर १९८८ ते २०१८ चाललेला कार्यक्रम. पुढाऱ्यांचे लॅटेक्सचे बाहुले, खोट्या बातम्या, सगळ्यांची खिल्ली. मी 'बातम्यांचे गिन्योल' लिहिलं, संपादकांनी 'बातम्यांच्या कळसूत्री बाहुल्या' केलं. कळसूत्री म्हटलं की दुसऱ्याच्या तालावर नाचणारा माणूस डोळ्यांसमोर येतो. फ्रेंचमध्ये 'गिन्योल' म्हणून हिणवतात तो स्वतःचं हसं करून घेणाऱ्याला. शब्द सुचवा.

कुडाळकर: आमच्या पिंगुळीचे ठाकर कळसूत्री बाहुल्या नाचवतात. लहानपणी अगदी पुढे बसून पाहिल्यात, मागच्या माणसाची बोटं दोऱ्यांत गुंतलेली असायची. सूत्र म्हणजे दोरा. गिन्योलला दोरा असतो का?

अनुवादिनी: नाही, हात आत घालून खेळवतात.

कुडाळकर: मग संपादक चुकले. 'हातबाहुली' म्हणा.

रोजची_मराठी: दोरे कोण मोजत बसतो हो? वाचकाला बाहुल्यांचा खेळ कळला की झालं. 'हातबाहुली' पोरांच्या हस्तकलेतली वाटते. १९९५च्या फ्रेंच राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत उमेदवार शिराकचा बाहुला 'सफरचंदं खा' म्हणत सुटला आणि ते वाक्य देशभर झालं. एवढ्या वजनाच्या कार्यक्रमाला असा शब्द?

वगनाट्य: 'सोंगाड्या' घ्या. मूळचा गिन्योल फ्रान्समधल्या ल्यों शहराचा. मुर्गे नावाच्या माणसाने एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला तो घडवला. मुर्गे आधी रेशीम विणायचा, मग बाजारात दात उपटायचा. त्याचा गिन्योल विणकरांच्या बोलीत बोलतो आणि शिपायाला दंडुक्याने बडवतो. आपला सोंगाड्याही राजाला तोंडावर सुनावतोच की!

अनुवादिनी: ल्योंच्या गिन्योलला चपखल! पण शिवी म्हणून चालत नाही. सोंगाड्या हुशार असतो, आणि 'गिन्योल' म्हणून हिणवलेल्यात तर दिवा घेऊन हुशारी शोधावी लागते.

माजघर: शिवीच हवी तर आमच्या घरात होती. पाध्यांच्या बोलक्या बाहुल्या बघून आल्यापासून आजोबा कुणी वेंधळेपणा केला की 'या, अर्धवटराव' म्हणायचे. बाहुलाही झाला, हसंही झालं.

कुडाळकर: तो शब्दभ्रमाचा बाहुला, ताई. त्याचं तोंड आतल्या कळीने हलतं.

रोजची_मराठी: बघा, आत कळ आहे! मग तोही कळसूत्रीच ना?

कुडाळकर: कळ आहे, सूत्र कुठंय?

रोजची_मराठी: सूत्र म्हणजे दोराच कशावरून? 'सूत्रं हलवणं' म्हणतो तेव्हा कुणाच्या हातात दोरा असतो?

वगनाट्य: आणि 'सूत्रधार'? त्याचं मूळ बाहुल्यांच्या खेळात आहे असं मानणारेही आहेत.

कुडाळकर: मग दोरा माझ्याच बाजूचा झाला!