मदत हवी आहे: बातम्यांचा परिणाम वेगळा कसा काढायचा?

ब्रेंट स्पार प्रकरणावर लेख लिहितेय. उत्तर समुद्रातली ही निकामी तेलटाकी खोल समुद्रात बुडवायचा शेल या तेल कंपनीचा बेत होता. एप्रिल १९९५ मध्ये ग्रीनपीस या पर्यावरणवादी संघटनेचे कार्यकर्ते तिच्यावर चढले, त्यांच्यावर सोडलेले पाण्याचे फवारे टीव्हीवर झळकले, जर्मनीत शेलच्या पंपांवर बहिष्कार पडला आणि जूनमध्ये कंपनीने माघार घेतली. सप्टेंबरमध्ये टाकीतल्या तेलाचा अंदाज चुकल्याबद्दल ग्रीनपीसनेच माफी मागितली! पण तोवर चर्चा आटोपली होती.

बातम्या मोजून ‘प्रदूषण’, ‘खर्च’, ‘संघर्ष’ अशी वर्गवारी केली. त्यातून माध्यमांनी काय दाखवलं एवढंच कळतं, लोकांनी त्यातलं काय उचललं ते नाही. माध्यमं कोणते विषय महत्त्वाचे ठरवतात यावरचा मॅककॉम्ब्स-शॉ (१९७२) आणि बातमीची चौकट कशी आखली जाते यावरचा एन्टमन (१९९३) हे अभ्यास वाचून झालेत, कृपया तेच पुन्हा सुचवू नका. जर्मन येत नाही, हाताशी फक्त इंग्रजी वृत्तपत्रं आहेत. इतक्या वर्षांनी लोकांना विचारण्यातही अर्थ नाही, आठवणींवर नंतरच्या बातम्यांची पुटं चढलेली असणार.

ब्रिटनमध्ये बहिष्काराला जर्मनीइतका जोर नव्हता. मग दोन देशांची तुलना करून बातम्यांचा परिणाम ग्रीनपीसच्या थेट प्रचारापासून वेगळा काढता येईल का? की वाचकांची पत्रं तारखेनुसार लावून पाहणं जास्त भरवशाचं ठरेल?