पोलीस पदोन्नती : न्यायालयाने कुठपर्यंत पाहावे?

गोदाकाठ, नांदेड

‘पदोन्नती हा हक्क नाही’ हे वाक्य पोलीस खात्यात सर्वांना पाठ आहे. त्याचा उरलेला अर्धा भाग मात्र कोणी सांगत नाही : पदोन्नतीसाठी नियमाप्रमाणे विचार होणे हा अनुच्छेद १६ खालचा मूलभूत हक्क आहे. आस्थापनेच्या टेबलावर मी अनेक वर्षे टिपण्या लिहिल्या. एका सहायक निरीक्षकाच्या नावापुढे पदोन्नती समितीच्या इतिवृत्तात ‘तूर्त अपात्र’ एवढेच दोन शब्द होते. सोबतच्या, वरिष्ठांनी दरवर्षी लिहिलेल्या पाच गोपनीय अहवालांपैकी चार ‘अत्युत्तम’ होते. पाचवा ‘चांगली’ असा होता आणि तो त्यांना कधी कळवलाच नव्हता. प्रत्येक शेरा, मग तो प्रतिकूल असो वा नसो, संबंधिताला कळवला पाहिजे असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली देव दत्त प्रकरणात सांगितले आहे. अशा वेळी सरकारी नोकरीचे वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने (मॅट) धारिका मागवून पाहिली, तर त्याला हस्तक्षेप का म्हणायचे?

बालाघाट, बीड

मी निवृत्त पोलीस अधिकारी आहे आणि माझे मत वेगळे आहे. ऊसतोडीच्या हंगामाआधी उचलीवरून मुकादम आणि मजूर ठाण्यात समोरासमोर उभे राहतात, तेव्हा दोघांनाही न चिथावता तक्रार कोण लिहून घेईल, हे वरिष्ठाला माहीत असते. ते अहवालाच्या रकान्यात उतरत नाही. निवड समितीच्या निर्णयावर न्यायालयाने अपिलासारखे बसू नये, असे सर्वोच्च न्यायालयानेच दलपत सोळुंके प्रकरणात बजावले आहे. निवडसूचीला एकदा स्थगिती मिळाली की नाव राहिलेला एकटाच अडत नाही, सूचीतले सगळेच अडकतात आणि ठाणी प्रभारींवर चालतात.

कायदेवाला, छत्रपती संभाजीनगर

बालाघाट यांनी त्या निकालाचा अर्धाच भाग दिला आहे. समितीची रचना बेकायदा असेल, निवडीच्या प्रक्रियेत मूलभूत दोष असेल किंवा निर्णय आकसाने झाला असेल, तर हस्तक्षेप करता येतो, असे त्याच निकालात आहे. दोन उमेदवारांत सरस कोण, हे मॅट ठरवत नाही आणि ठरवूही नये. नियमात बसणारा अभिलेख समितीपुढे होता का आणि तिने तो खरोखर पाहिला का, एवढेच ते तपासते. चौकशी नुसती ‘विचाराधीन’ असताना नाव मोहोरबंद पाकिटात घालणे, म्हणजे समितीचा निष्कर्ष चौकशी संपेपर्यंत बंद ठेवणे, हा आम्हा वकिलांकडे वारंवार येणारा प्रकार आहे. वास्तविक १९९१ च्या जानकीरामन निकालानुसार दोषारोपपत्र जारी झाल्याशिवाय ते पाकीट वापरताच येत नाही. एक गोष्ट मात्र बालाघाट यांच्या बाजूची आहे. १९९७ च्या चंद्रकुमार निकालापासून मॅटच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे दाद मागता येते, त्यामुळे प्रकरण लांबते, हे मी नाकारत नाही.

बालाघाट, बीड

लांबते एवढेच नव्हे, त्यातून हाती काय येते तेही सांगा. मॅट फेरविचाराचा आदेश देते, समिती पुन्हा बसते आणि दोन शब्दांऐवजी दोन परिच्छेद लिहून तोच निर्णय देते. एखाद्याला मानीव दिनांक, म्हणजे पदोन्नती झाली असे मागाहून धरलेली तारीख, मिळाला, तरी तोवर तो निवृत्त झालेला असतो. वेतननिश्चिती होते, थकबाकी मिळाली तर मिळते, पण निरीक्षक म्हणून एक दिवसही ठाणे सांभाळायला मिळत नाही. त्यापेक्षा अहवाल लिहिणाऱ्यांनाच आधी शिस्त लावा.

गोदाकाठ, नांदेड

शिस्त लावायला माझी हरकत नाही, पण ती लावणार कोण, हे तुम्ही लिहिलेले नाही. आणि ते दोन परिच्छेद मला कमी मोलाचे वाटत नाहीत. ‘तूर्त अपात्र’ खोडून काढता येत नाही, कारण त्यात खोडायला काहीच नसते. परिच्छेदात कारण लिहावे लागते आणि लिहिलेले कारण खोटे ठरू शकते. ज्यांच्याबद्दल मी लिहिले, ते सहायक निरीक्षक मॅटमध्ये गेलेच नाहीत. त्यांची नेमणूक तेव्हा तेलंगणाच्या सीमेवर होती. वकिलाला भेटायला संभाजीनगरला जायचे, तर दोन दिवसांची रजा लागत होती आणि रजेचा अर्ज ‘चांगली’ असा शेरा लिहिणाऱ्या त्याच साहेबांकडे द्यावा लागणार होता. तो अर्ज माझ्या टेबलावर कधी आला नाही.