साबणवाला लिव्हर खरंच खासदार होता का?

अमळनेरकर: आजीकडे कपड्यांना ७८७ साबणाची वडी असायची, आपल्या अमळनेरचीच, त्यावरून साबणाचा इतिहास वाचत बसलो तर हा सनलाईट साबणवाला इंग्रज विल्यम लिव्हर सापडला. म्हणे खासदारपण होता. कारखाना सांभाळून राजकारण कधी केलं याने?

सरकी_ढेप: होता ना भो, १९०६ ते १९०९, इंग्लंडमधला विरल (Wirral) मतदारसंघ, लिबरल पक्ष. बोल्टनच्या किराणावाल्याचा पोरगा, बापाच्या दुकानात साबण कापून कागदात गुंडाळायचा. पुढे स्वतःच्या साबणात चरबी कमी करून खोबरेल, पाम अन् सरकीचं तेल घातलं, हो तीच आपली सरकी. १८८८ ला कामगारांसाठी पोर्ट सनलाईट गाव वसवायला घेतलं.

तापीकाठ: गाव छान, पण काँगोचं पण सांगा की. काँगो तेव्हा बेल्जियमच्या ताब्यात, १९११ ला त्यांच्याकडून पामतेलासाठी तिथल्या जमिनी घेतल्या अन् तिथे मजुरांना जबरदस्तीने राबवलं. इकडे संसदेत म्हाताऱ्यांना पेन्शन द्या म्हणणारा हाच!

सरकी_ढेप: ते आहेच. १९१८ ला तर स्कॉटलंडचं अख्खं लुईस बेट विकत घेतलं, मासळीचा धंदा करायला, पण लढाईवरून आलेल्या पोरांना पाहिजे होती शेती, ती सरळ त्याच्या जमिनीत घुसली. १९२३ ला बेट सोडलं, १९२५ ला वारला.

अमळनेरकर: म्हणजे बांधावरची भांडणं तिकडे पण 😄