गॉडस्पीडचा 'यांकी यू.एक्स.ओ.': राजकारण संगीतात की नुसतं कव्हरवर?

मंद्रसप्तक: मॉन्ट्रिअलच्या 'गॉडस्पीड यू! ब्लॅक एम्परर' या बँडचा २००२ चा अल्बम, रेकॉर्डिंग स्टीव्ह अल्बिनीचं. नावातलं यू.एक्स.ओ. म्हणजे न फुटलेला दारूगोळा. परवा परत ऐकला आणि परत तेच डोक्यात आलं. जवळजवळ ७५ मिनिटं, गाणारं कोणी नाही, आणि जो तो म्हणतो काय जबरदस्त राजकीय अल्बम! कुठेय राजकारण? पुढच्या कव्हरवर पडणारे बॉम्ब, मागे एक चार्ट, कुठल्या बड्या म्युझिक कंपनीचे धागे कुठल्या शस्त्रं बनवणाऱ्यांपर्यंत जातात त्याचा. म्हणजे जे काय आहे ते छापलेल्या कागदावर. नाव बदलून 'पावसाळा' ठेवलं असतं तर हेच लोक म्हणाले असते, वा, काय पाऊस पकडलाय!

खटका: अरे पण कव्हर वेगळं काढायचंच कशाला, त्यांनी अल्बम म्हणून सगळं एकत्रच दिलंय ना. आणि बघ, आधीच्या रेकॉर्ड्समध्ये रस्त्यावरच्या माणसांचे आवाज, भाषणं असायची, इथे सीडीवर तेही काढून टाकलंय, फक्त एलपीवर एक लपवलेला तुकडा आहे ज्यात बुशच्या भाषणाची कापाकापी केलीय. सगळ्यात राजकीय अल्बम करायचा आणि बोलणंच बंद, हे काय उगाच सुचलं असेल?

गिरणगावकर: आमच्याकडे राजकीय गाणं म्हणजे अमर शेखांचा डफ आणि खणखणीत शब्द, ज्याला ऐकवायचं त्याला बरोब्बर कळायचं. इथे एका तुकड्याचं नाव '०९-१५-००', म्हणजे १५ सप्टेंबर २०००, पण त्या दिवशी काय झालं ते आतला कागद वाचल्याशिवाय कळत नाही. इस्रायलचा नेता एरियल शॅरॉन हजार सैनिक घेऊन जेरुसलेममध्ये अल-अक्सा मशिदीच्या आवारात गेला तो दिवस म्हणे. तो गेला २८ सप्टेंबर २००० ला! तुकड्याला तारखेचंच नाव द्यायचं आणि तारीखच चुकवायची, कमाल आहे.

खटका: तारीख चुकली म्हणून त्यानंतरचा इंतिफादा, पॅलेस्टिनींचा उठाव, झालाच नाही का? 😄

रीमा_बास: ही माणसं नुसती कव्हरं छापत नाहीत हो. २००३ मध्ये ओक्लाहोमात पेट्रोल पंपावर अतिरेकी समजून अडकवलं होतं त्यांना, एफबीआयने चौकशी केली. २०१३ ला कॅनडाचं पोलॅरिस म्युझिक प्राइझ मिळालं तर त्या झगमगाटी सोहळ्यावरच टीका केली, आणि पैसे क्वेबेकच्या तुरुंगातल्या कैद्यांना वाद्यं घ्यायला देतो म्हणाले. २०२५ मध्ये स्पॉटिफायचा संस्थापक डॅनियल एक याने लष्करी एआय बनवणाऱ्या हेल्सिंग कंपनीमध्ये पैसा घातल्यावरून बँड्स बाहेर पडायला लागले, त्याच सुमारास यांचंही संगीत तिथून गायब झालं. २००२ चा तो मागचा चार्ट आता परत काढून बघा.

मंद्रसप्तक: हे सगळं मान्य, पण ही माणसं चांगली असल्याची सर्टिफिकेटं झाली. मी अल्बमचं विचारतोय.

रीमा_बास: मग अल्बमचंच बोलू. 'रॉकेट्स फॉल ऑन रॉकेट फॉल्स', वीसेक मिनिटं. ड्रम्स कवायतीसारखे, मध्ये सगळं खाली बसतं, मग इंचाइंचाने परत चढतं. घाबरायला होतं मला.

मंद्रसप्तक: नेमका तिथेच माझा घोळ आहे. ते चढायला लागलं की मला भीती नाही वाटत, मस्त वाटतं, अंगावर काटा येतो, आवाज अजून वाढवतो मी. हातात बॉम्ब पडतानाचं चित्र आणि मी खूश. याला युद्धविरोधी म्हणायचं?

खटका: खूश होऊन परत लावतोस का लगेच?

मंद्रसप्तक: लावतो ना. तेच तर म्हणतोय.