शब्दचर्चा : पर्यायी शब्द घातल्यावर उतारा का बिघडतो?

विचारणा : इंदूरला हिंदी माध्यमात शिकणाऱ्या माझ्या मुलीने येथील होळकरांच्या राजवाड्यावरचा एक मराठी उतारा पर्यायी शब्द घालून पुन्हा लिहिला. प्रत्येक शब्द कोशात पाहून घेतलेला असूनही उतारा वाचताना अडखळायला होते. याचे कारण काय असावे?

उत्तर : आपण पाठवलेल्या उताऱ्यातील मूळ वाक्ये अशी आहेत : ‘हा जुना वाडा सात मजली आहे. त्याचे खालचे तीन मजले दगडी असून वरचे लाकडी आहेत.’ मुलीने ‘वाडा’ काढून ‘वास्तू’ घातले आणि ‘ही जुनी वास्तू’ असे बरोबर लिहिले, परंतु पुढच्या वाक्यातील ‘त्याचे’ तसेच राहिले. मराठीत नामाचे लिंग बदलले की विशेषण, क्रियापद आणि पुढच्या वाक्यातील सर्वनामही बदलावे लागते, आणि वाक्यांचा सांधा बहुधा या सर्वनामापाशीच निखळतो.

पुढे त्याच वाड्याला तिने एकदा ‘महाल’ आणि एकदा ‘प्रासाद’ म्हटले आहे. ज्याच्याविषयी उतारा आहे त्याचे नाव शक्यतो बदलू नये, असे माझे मत आहे; इंदुरात तर ‘होळकरांचा महाल’ म्हटल्यावर वाचकाच्या डोळ्यांसमोर लालबाग पॅलेस ही होळकरांची दुसरीच वास्तू येईल.

सर्वांत अधिक जपावे लागते ते हिंदीशी समान दिसणाऱ्या शब्दांना. ‘वाहतूक’ऐवजी तिने ‘यातायात’ लिहिले आहे. हिंदीत ते योग्यच, पण मराठीत यातायात म्हणजे त्रासाची धावपळ. शिक्षण या अर्थी ‘शिक्षा’ लिहिले तर मराठी वाचकाला दंड आठवतो, प्रयत्न या अर्थी ‘चेष्टा’ लिहिले तर थट्टा, आणि हिंदीत ‘संविधान संशोधन’ म्हणतात त्याला आपण घटनादुरुस्ती म्हणतो, कारण आपले संशोधन म्हणजे नवे शोधून काढणे. आपल्या घरांत दोन्ही भाषा बोलल्या जात असल्यामुळे ही चूक मोठ्यांच्याही लिखाणात होते, म्हणून मुलीला दोष देऊ नये.

पुन्हा विचारणा : मग ‘वाडा’ न बदलता ते वाक्य वेगळे कसे करावे?

उत्तर : शब्दाऐवजी वाक्याची रचना बदलावी : ‘या जुन्या वाड्याच्या सात मजल्यांपैकी खालच्या तिन्हींचे बांधकाम दगडी असून वरच्यांचे लाकडी आहे.’ येथे एकही पर्यायी शब्द शोधावा लागला नाही, दोन वाक्यांचे एक झाले आणि ‘त्याचे’ या सर्वनामाची गरजही उरली नाही.