नॉर्मोसायटिक नॉर्मोक्रोमिक म्हणजे सगळं ठीकच असं नाही

ग्रुपवर एकाने काकींच्या रक्ताच्या रिपोर्टबद्दल विचारलंय, हिमोग्लोबिन ९.८ आणि खाली 'नॉर्मोसायटिक नॉर्मोक्रोमिक', त्यावर दुसऱ्याने सांगितलं की पेशी हेल्दी आहेत, टेन्शन नको. अर्धंच बरोबर आहे हो ते. त्याचा अर्थ इतकाच की लाल पेशींचा साइज नॉर्मल (एमसीव्ही साधारण ८० ते १००) आणि रंगही नॉर्मल, पण पेशी पुरेशा आहेत की नाही ते त्यात येतच नाही. हापूसच्या पेटीत सगळे आंबे एकसारखे, रंगही झकास, पण पेटी अर्धीच भरलेली, तसं.

बायकांत हिमोग्लोबिन १२ च्या खाली म्हणजे अ‍ॅनिमियाच (रक्त कमी असणं), काकींचा फक्त या प्रकारचा. याची कारणं अशी असू शकतात: किडनीचा जुना आजार (लाल पेशी बनवायला सांगणारं, किडनीतून येणारं एरिथ्रोपोएटिन हे हार्मोन कमी पडतं), संधिवातासारखं जुनं दुखणं, नुकताच झालेला रक्तस्राव, नाहीतर लोह कमी व्हायला नुकतीच सुरुवात. आणि गंमत म्हणजे लोह आणि बी१२ दोन्ही कमी असले तर लोहाअभावी बारीक आणि बी१२ अभावी मोठ्या पेशी मिळून अ‍ॅव्हरेज नॉर्मल दिसतं, म्हणून आरडीडब्ल्यू (पेशींच्या साइजमध्ये किती फरक आहे तो आकडा) बघा, जास्त असेल तर तिथे शंका घ्यायची. क्रिएटिनिन (किडनीसाठी), फेरिटिन (लोहाच्या साठ्यासाठी), बी१२ या टेस्ट करायच्या का ते डॉक्टरांना विचारा, मेडिकलवाल्याकडून लोहाच्या गोळ्या आणून सुरू नका करू उगाच.

आणि आपल्याकडे भातलावणीच्या दिवसांत ताप आला की लेप्टोच्या (लेप्टोस्पायरोसिस या तापाच्या आजाराच्या) भीतीने सगळे सीबीसी (रक्तपेशींची तपासणी) करतात, तेव्हा प्लेटलेट आणि पांढऱ्या पेशी वेगळ्या वाचा, 'नॉर्मोसायटिक नॉर्मोक्रोमिक' हा शब्द फक्त लाल पेशींचा.