हप्ता थकला म्हणून काट्यावरून ट्रॅक्टर ओढून न्यायचा का?

निपाणीचा ऊसकरी :
‘हप्ता थकवला की गाडी जाणारच, मग रडता कशाला?’ असे काल इथे एकाने लिहिले, म्हणून हे सविस्तर उत्तर. उसाचे बिल 14 दिवसांत मिळावे असा नियम असूनही आमचे तीन महिने मिळाले नाही आणि धाकट्या भावाचे ट्रॅक्टरच्या कर्जाचे दोन हप्ते थकले. गेल्या महिन्यात तो भरलेली ट्रॉली घेऊन साखर कारखान्याच्या वजनकाट्याच्या रांगेत उभा असताना चौघे आले, त्यांनी किल्ली हिसकावली, पिन काढून ट्रॉली तिथेच सोडली आणि ट्रॅक्टर नेला. वसुलीसाठी दांडगट माणसे पाठवू नका, असे सर्वोच्च न्यायालयाने प्रकाश कौर प्रकरणात 2007 मध्येच बजावले आहे.

वसुलीत वीस वर्षे :
साहेब, निम्माच कायदा सांगू नका. मॅग्मा फिनकॉर्प प्रकरणात 2020 मध्ये त्याच न्यायालयाने म्हटले की, भाडेखरेदी करारात सगळे हप्ते फिटेपर्यंत मालकी वित्त कंपनीचीच राहते. हप्ते चुकवून सीमेपलीकडे कागल-चंदगडकडे गाडी लपवणारे मी डोळ्यांनी पाहिले आहेत आणि त्यांच्यापायी जामीनदाराच्या दारात मलाच उभे राहावे लागले आहे.

खानापूरची वकील :
मालकी कंपनीची असली तरी दांडगाईचा परवाना मिळत नाही. ताबा घेण्यापूर्वीच्या नोटिशीची मुदत, ती कधी माफ होते आणि लिलावाआधी कर्ज फेडण्याची अखेरची संधी, हे सारे करारात लिहिलेले असावे, असे रिझर्व्ह बँकेने बिगरबँक वित्त कंपन्यांना बजावले आहे.

टिळकवाडीकर :
करारात असून उपयोग काय? आमच्या घरी आलेली नोटीस कन्नड आणि इंग्रजीत होती. आईला दोन्ही वाचता येत नाहीत. तिने ती वीजबिलाच्या पिशवीत ठेवून दिली आणि आठवड्याने गाडी गेली.

वसुलीत वीस वर्षे :
प्रत्येक ठिकाणी सीमाप्रश्न आणू नका! इथे कर्नाटकात स्थानिक भाषा कन्नड आहे आणि कंपनी त्याच भाषेत पत्र पाठवणार.

टिळकवाडीकर :
सीमाप्रश्न मी आणलेला नाही, तुम्ही आणलात. कर्ज देताना तुमचा माणूस आमच्या सोप्यात बसून तासभर मराठीत बोलत होता. तेव्हा कुठे गेली स्थानिक भाषा?

खानापूरची वकील :
त्याच नियमांत ‘स्थानिक भाषेत किंवा कर्जदाराला समजेल अशा भाषेत’ असे शब्द आहेत. म्हणूनच मी पक्षकारांना सांगते की, मराठीतून पत्र हवे अशी मागणी कर्ज घेतानाच लेखी द्या आणि पोच घ्या. तक्रार कंपनीकडे लेखी करा. 30 दिवसांत दाद न मिळाल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे, म्हणजे ग्राहकांच्या तक्रारी सोडवणाऱ्या अधिकाऱ्याकडे, विनाशुल्क जाता येते.

वसुलीत वीस वर्षे :
किल्ली हिसकावणे चूक होते, एवढे मान्य करतो. पण हप्ता चुकण्याआधी शाखेत येऊन बिल अडकल्याचे कितीजण सांगतात? भाऊ गेला होता का?

निपाणीचा ऊसकरी :
नव्हता गेला, ती त्याची चूक. पण ट्रॅक्टर अजून यार्डात उभा आहे आणि लिलावाचे पत्र आलेले नाही. वकीलताई, करारपत्र समोर घेऊन बसलो आहे. सगळे इंग्रजीत आहे. अखेरच्या संधीचे कलम कसे ओळखायचे, तेवढे सांगाल का?